रोलर थांबला तेव्हा

धाकट्याची फिल्म गरीब-श्रीमंतांमधल्या दरीवर होती, आणि दरी दाखवायला त्याला घरचंच माणूस सोयीचं पडलं. थोरली बहीण हॉटेलांच्या चादरी धुणाऱ्या लाँड्रीत कामाला. इस्त्रीच्या मोठ्या रोलरमध्ये तिचा उजवा हात सापडला, तेव्हापासून दोन बोटं वाकत नव्हती. मालकाचं म्हणणं, रोलर मधेच थांबवता येत नाही, चूक तिच्या घाईची. ताईचं म्हणणं, थांबतो, पण आतली चादर जळते म्हणून थांबवत नाहीत. भरपाई मिळणार की नाही, ते एवढ्यावरच अडलं होतं.

धाकट्यानं शब्द दिला, "ताई, हे मी मालकाच्याच तोंडून वदवतो. तू फक्त बाजूला बस."

ताई बसली. मालकासमोर खुर्ची टाकून बसणाऱ्या बाईला कामावर कोण ठेवतं, हे तिला कळत होतं. पण भाऊ पाठीशी होता.

मालकाच्या काचेच्या खोलीतून सगळा कारखाना दिसे. माणूस मोठ्या मनाचा. फिल्मवाल्याला त्यानं कॉफी पाजली आणि ताईला "हात कसा आहे?" विचारून तो मोकळा झाला. दिवे लागले. तेवढ्यात धाकट्यानं हेडफोन काढून तोंड वाकडं केलं. रोलरची घरघर माईकमध्ये येत होती.

"एवढंच ना?" म्हणत मालकानं फोन उचलला आणि दोन शब्द बोलला.

काचेपलीकडचा रोलर जागच्या जागी थांबला. चादर अर्धी आत, अर्धी बाहेर. बायका एकमेकींकडे बघत उभ्या राहिल्या.

त्या शांततेत मालकानं कॅमेऱ्याकडे बघून सांगितलं की रोलर एकदा सुरू झाला की मधेच थांबत नाही, कोणीही येवो. ताईनं धाकट्याकडे पाहिलं. त्यानं हळूच डोळा मिचकावला. तिचा जीव भांड्यात पडला.

फिल्म पहिल्यांदा दाखवली तेव्हा ताईची नोकरी गेली होती. ती पुढच्या रांगेत बसली, मागे लाँड्रीतल्या बायका. पडद्यावर मालक आला, तेच बोलला, आणि त्याच्या बोलण्यामागे रोलर खुशाल घरघरत होता.

"अगं, तेव्हा तर बंद होता ना?" मागून एकजण कुजबुजली.

बाहेर कौतुकाच्या गर्दीतून ताईनं भावाला बाजूला ओढलं. त्यानं आधी कलेची बाजू समजावली. शांतता मेल्यासारखी वाटत होती, लाँड्री लाँड्रीसारखी वाजायला हवी, म्हणून दुसऱ्या दिवशीचा आवाज मागून जोडला. मग नजर चुकवत उरलेलं सांगितलं. मालकानं फिल्म आधी पाहिली होती. पुढच्या फिल्मसाठी तो ओळखीच्या कारखान्यांची दारं उघडून देणार होता.

"तू मोठा विचार कर, ताई. प्रश्न एका हाताचा नाहीये."

मूळचा आवाज दे, एवढंच ती म्हणाली. तो मालकाच्या परवानगीशिवाय देता येत नाही, तसं लिहून दिलंय, असं तो पुटपुटला.

तेवढ्यात फोटोवाल्यानं हाक मारली. धाकट्याचा चेहरा लगेच खुलला. त्यानं तिला पाहुण्यांच्या मधोमध उभं केलं आणि कानाशी म्हणाला, "उजवा हात जरा पुढे घे ना."

ताईनं हात स्वेटरच्या खिशात घातला. न वाकणारी दोन बोटं बाहेरच राहिली, तर तिनं ती डाव्या हातानं आत ढकलली.

"आवाज जोडलास ना मागून," ती म्हणाली, "तसा हातही जोड."

आणि बायकांबरोबर जिना उतरायला लागली.