आखाड्यावरचा विस्तव

बाबा गेले त्याच्या आदल्या दिवशी, रविवारी, मी नांदेडहून सकाळच्या गाडीनं साखऱ्याला आले होते. डब्यात दोडक्याची भाजी आणि घडीच्या पोळ्या होत्या. आई गेल्यापासून बाबा गावातल्या घरात राहत नसत. शेतातल्या आखाड्यावर, पत्र्याच्या दोन खोल्यांत, त्यांनी आपली बाज टाकली होती. मी पोचले तेव्हा ते खेमाबरोबर जेवायला बसले होते. खेमा शेजारच्या तांड्यावरचा, माझ्याच वयाचा. बावीस वर्षं आमचं रान बटईनं करत होता. पिकाचा निम्मा वाटा त्याचा. त्याच्या बायकोनं, दिपानं, धाडलेली ज्वारीची भाकरी आणि ठेचा बाबा खात होते. माझा डबा त्यांनी हातात घेतला, बरं केलंस म्हणाले आणि बाजेखाली सरकवला.

मी विधी महाविद्यालयात फौजदारी कायदा शिकवते. त्या दिवसांत एक निबंध लिहीत होते: आग लावण्याचा गुन्हा वेगवेगळ्या देशांतले कायदे कसा ओळखतात आणि त्याला काय शिक्षा देतात. हल्ली काय लिहिणं चाललंय, असं बाबांनी विचारलं. मला बरं वाटलं. मी सांगू लागले. जुन्या इंग्रजी कायद्यात दुसऱ्याचं राहतं घर जाळलं तरच तो गुन्हा धरत. माणसानं स्वतःचं जाळलं तर नाही. बाबा मान हलवत होते. खेमा बोटं चाटत म्हणाला, "मंग काय, सायेब लोक बायकोशी भांडले की सोताचंच घर पेटवून मोकळे होत असतील. धरनार कोन?"

बाबा हसले. ठसका लागेपर्यंत हसले, डोळ्यांना पाणी आलं. खेमानं त्यांच्या पाठीवरून हात फिरवला, तांब्या पुढं केला. मीही हसले. चाळिशी ओलांडलेल्या बाईनं कबूल करावं असं हे नाही, पण तो विनोद मला सुचायला हवा होता असं मला वाटलं. मी बाबांना असं शेवटचं कधी हसवलं होतं ते आठवेना.

निघताना बाबा बांधापर्यंत सोडायला आले. मागून खेमाचा आवाज आला, बा, चप्पल घाला, काटे हायेत. पूर्वी तो त्यांना मालक म्हणायचा. बा कधीपासून म्हणू लागला, ते मी विचारलं नाही.

सोमवारी सकाळी फोन आला. मोटर सुरू करायला खेमा लवकर गेला होता, तेव्हा बाबांच्या छातीत कळ आली. त्यानं डोकं मांडीवर घेतलं, पाणी पाजलं, गाडी बोलावली. गाडी येण्याआधीच ते गेले. मला पोचायला तीन तास लागले. भेटायला येणारे म्हणत, नशीब समजा, माणूस एकटा गेला नाही. मी हो म्हणे. पाणी कोणाच्या हातचं, एवढंच माझ्या मनात फिरत राही.

अग्नी चुलतभाऊ विजयकुमारनं दिला. तसा रिवाज आहे. बाबांचं आणि त्याचं धड बोलणंसुद्धा नव्हतं, म्हणून मला त्याचं काही वाटलं नाही. हेवा वाटायला समोरच्याकडे काहीतरी असावं लागतं.

दुखवट्याचं वर्ष असल्यानं घरात दिवाळी नव्हती. सुट्ट्या लागल्या म्हणून मी साखऱ्याला आले आणि अमावास्येच्या सकाळी आखाड्याकडे निघाले. सोयाबीन कापून झालं होतं. मळणीयंत्राची पाळी यायची होती, म्हणून खेमानं गंजी आखाड्याला लागूनच घातली होती. बांधावरच्या बोरीपाशी पोचले आणि थांबले. आखाड्याच्या दारात खेमा उकिडवा बसला होता. समोर निखारे, हातात लापशीची वाटी. तांड्यावर दिवाळीला वाडवडिलांना भोग देतात हे मला लहानपणापासून ठाऊक आहे. निखाऱ्यांवर तूप आणि लापशी सोडायची आणि एकेका पूर्वजाचं नाव घ्यायचं. खेमानं आज्याचं नाव घेतलं, बापाचं घेतलं. मग जरा थांबला आणि म्हणाला, "सोनाजी बा." माझ्या बाबांचं नाव. उरलेली अर्धी वाटी त्यानं एकदमच निखाऱ्यांवर रिकामी केली.

मी आल्या पावली परतले. त्यानं मला पाहिलं नाही. वाटेत मी आठवत राहिले की दोन महिन्यांत मी बाबांच्या नावानं काय केलं. वारसाची नोंद करून घेतली होती.

तासाभरात शेताच्या बाजूला धूर दिसला. वारा सुटला होता. गंजी गेली, आखाडा गेला; पत्रे वाकून खाली आले, बाजेचा सुंभसुद्धा उरला नाही. पेटती गंजी हातांनी फोडायला गेलेल्या खेमाचे दोन्ही पंजे भाजले. आणखी कुणाला इजा झाली नाही.

विजयकुमार म्हणू लागला की हे खेमाचंच काम; काका गेले, आता बटई सुटणार, म्हणून रागानं पेटवलं. दुपारपर्यंत गाव तेच बोलत होतं. तांड्यावरच्या माणसाबद्दल असं बोलायला आमच्या गावाला फार वेळ लागत नाही. एरवी मी अशा बोलण्यावर वाद घालते. त्या दिवशी गप्प राहिले. वारस मीच, त्यामुळं फिर्याद माझ्या नावानं व्हायची होती.

ठाण्यात जमादार लिहीत होते आणि मी सांगत होते. सकाळी नऊच्या सुमारास खेमा आखाड्याच्या दारात विस्तव पेटवून बसलेला मी स्वतः पाहिला. गंजी त्याच्यापासून चार हातांवर होती. बटई पुढं चालू ठेवण्याबद्दल आमचं काही ठरलेलं नव्हतं. यातला शब्द न् शब्द खरा होता. तो कशासाठी बसला होता, हे त्यांनी विचारलं नाही आणि मी सांगितलं नाही. जळालेल्या जागेपुढं त्यांनी 'गोठा' लिहिलं, तेव्हा मात्र मी दुरुस्ती सुचवली. गोठा नाही, राहतं घर लिहा; वडील तिथंच राहायचे.

त्या दुरुस्तीनं काय होतं, हे त्या खोलीत माझ्याइतकं कुणाला ठाऊक नव्हतं. रानातलं पीक जाळलं तर सात वर्षांपर्यंत कैद. माणसाच्या राहण्याची जागा जाळली तर दहा वर्षांपर्यंत, नाहीतर जन्मठेप, आणि जामीन सहजी नाही. खेमाला संध्याकाळी उचललं. दुसऱ्या दिवशी कोर्टानं त्याला तीन दिवसांची पोलीस कोठडी दिली.

निबंधाचे कागद मी गावी बरोबर आणले होते. ते काढून बसले. जर्मनीत हयगयीनं लागलेली आगही गुन्हा आहे, पण तिची शिक्षा हलकी. स्कॉटलंडात मुद्दाम लावलेली आग आणि बेपर्वाईनं लागलेली आग हे दोन वेगळे गुन्हे. कॅलिफोर्नियात माणसं राहतात ती इमारत, रान आणि बाकी मालमत्ता यांच्या शिक्षा वेगवेगळ्या. इंग्लंडात आता राहत्या घराची अट उरलेली नाही. दुसऱ्याचं काहीही आगीनं नष्ट केलं, तर शिक्षा जन्मठेपेपर्यंत जाऊ शकते. आपल्याकडे हेतू नसेल, परिणामाची जाणीव नसेल, नुसता निष्काळजीपणा असेल, तर जास्तीत जास्त सहा महिने. सगळीकडे फिरून प्रश्न तिथंच येतो: काडी ओढताना याच्या मनात काय होतं? खेमाच्या मनात काय होतं ते मी माझ्या कानांनी ऐकलं होतं. फिर्याद देणारीच्या मनात काय होतं, हे विचारणारीही कलमं आहेत. तीही मी शिकवते.

तिसऱ्या दिवशी सकाळी दिपा आली. घरात ये म्हटलं तरी ओट्यावरच बसली. मी तिच्या नवऱ्याला अडकवलंय, असा तिचा समज नव्हता. गावानं माझ्या तोंडून वदवलं असं ती धरून चालली होती. त्यामुळं तिच्या डोळ्यांना डोळा देणं आणखी जड झालं.

"भोग काय असतो ते त्या लोकायला समजंना, ताई," ती म्हणाली. "ते म्हनतात, दिवस उगवल्यावर शेकोटी कोन करतं? तुमी शिकलेल्या, तुमी सांगितलं तर ऐकतील."

ती पदराचं टोक पिळत राहिली. मग म्हणाली, "भाऊकीनं लई बोललं त्याला. दुसऱ्याच्या बापाचं नाव आपल्या भोगात काहून घेतो म्हनून. तुमी आल्याचं त्याला ठावं नव्हतं. तर ह्यो म्हने, ताई तिकडं नांदेडला. तिच्या वाटचंबी मीच टाकलं."

मला लाज वाटायला हवी होती. ती वाटली, पण नंतर. आधी हेवाच वाटला. माझ्या वाटचंसुद्धा यानंच देऊन टाकलं होतं. बाबांना द्यायचं असं माझ्याकडे काहीच शिल्लक ठेवलं नव्हतं. आणि हे सगळं त्यानं मला न सांगता केलं होतं. मला दाखवायला नव्हतं केलं.

मी चप्पल घातली आणि तिच्याबरोबर निघाले.

ठाण्यात खेमा व्हरांड्यात भिंतीला टेकून बसला होता. दोन्ही पंजांना पट्ट्या होत्या. मला बघून उठायला लागला, हात टेकवता येईना म्हणून तसाच राहिला. "ताई, वाऱ्याचं ध्यान राहिलं न्हाई मला," तो म्हणाला. "तेवढी चूक माझी हाय."

मी जमादारांना पुरवणी जबाब घ्यायला सांगितलं. त्यांनी टेबल दाराशी ओढलं. तो विस्तव भोगाचा होता. तांड्याची ही रीत मला लहानपणापासून माहीत आहे. खेमानं माझ्या वडिलांचं नाव घेतलेलं मी ऐकलं. गंजीतलं निम्मं सोयाबीन त्याचंच होतं. जमादार लिहिता लिहिता थांबले.

"मॅडम, मंग हे परवाच का न्हाई सांगितलं?" मग त्यांनीच आवाज खाली घेतला. चांगला माणूस होता. "दुःखात होत्या, ध्यानात आलं न्हाई, असं टाकतो. तुमची नोकरी हाय. वरून कोनी विचारलं तर तकलीफ नको."

दिपानं पटकन मान हलवली. तिच्या दृष्टीनं काम झालं होतं. मी हो म्हटलं असतं तर खेमावरचं मोठं कलम निघालं असतं आणि मलाही कुणी काही विचारलं नसतं. जमादारांचं पेन कागदावर टेकलेलं होतं.

"ध्यानात होतं," मी म्हणाले. "तसंच लिहा."

मग मी खेमाकडे वळले. पुढचं आधी त्याला सांगायचं होतं.

"खेमा, मी बोरीपाशी उभी होते. सगळं ऐकलं आणि मुद्दाम सांगितलं नाही. मला तुझा हेवा वाटतो. बाबा होते तेव्हापासून वाटतो. शेवटचं पाणी तू पाजलंस, आणि नावही माझ्याआधी तूच घेतलंस. ते मला सोसलं नाही, म्हणून मी तुला इथं बसवलं."