पुढची गाडी

१९८७ सालची गोष्ट. कुंदाला डीएडच्या मुलाखतीसाठी धुळ्याचं बोलावणं आलं होतं. चोपड्याजवळच्या त्या केळीवाल्या घरात बारावी झालेली ती पहिलीच. चुलीपाशी बसून ती इंग्रजी शब्द घोकायची आणि आईला, शेवंताबाईला, अर्थ सांगायची.

"प्रिव्हेंट म्हणजे होऊच न देणं. हिंडर म्हणजे आडवं येणं. काम होतं, पण रखडतं."

"म्हणजे तुना आबा!" शेवंताबाई म्हणाली. दोघी खूप हसल्या.

पण आबा, म्हणजे कुंदाचा बाप तोताराम, आडवा आलाच नाही. "जाऊ दे तिले," एवढंच बोलला.

मुलाखत सोमवारी दहाला होती. नेमकी आदल्या दिवशी घरात कानबाई, श्रावणातली एका रात्रीची देवी, बसली. सोमवारी पहाटे तोताराम केळीची पानं आणायला मळ्यात गेला आणि कुंदा सहाच्या एसटीसाठी पिशवी घेऊन निघाली. भाऊबंदांनी भरलेल्या घराच्या दारात शेवंताबाई उभी राहिली. कानबाईचा पाट विसर्जनासाठी उंबरा ओलांडेपर्यंत घरच्या माणसानं गाव सोडायचं नाही, अशी त्यांच्या घरची चाल.

"बठ्ठा भाऊबंद आठे शेत, आन् तू कोठे चालनी?"

"माय, दहाले पोचनं पडी."

"पाट उठू दे, मंग जाय. एक गाडी गयी ते दुसरी येई."

कुंदानं पिशवी खाली ठेवली.

पाट काही लवकर उठला नाही. चुलत घरची कानबाई सोबत निघायला यायची होती, तोवर बायका फुगड्या घालत राहिल्या. शेवंताबाईनंही दोन घातल्या. साडेनऊच्या गाडीनं कुंदा धुळ्याला पोचली, तेव्हा नावं पुकारून झाली होती.

"पुढच्या वर्षी बघू," शेवंताबाई म्हणाली. पुढच्या वर्षी कुंदाचं लग्न झालं.

मी नाही कुठं म्हटलं होतं, असं शेवंताबाई मनाशी घोकायची. एकदा ती अमळनेरला लेकीकडे गेली असताना कुंदाच्या धाकट्या नणंदेनं, पुष्पानं, पुस्तकातून डोकं वर काढून तोच शब्द विचारला.

"आडवं येणं," कुंदा कणीक मळता मळता म्हणाली.

"मग काम होतं का, वहिनी?"

"कधी होतं." तिनं आईकडे पाहिलं नाही.

पुढं पुष्पाला डीएडच्या मुलाखतीच्या आदल्या दिवशीच कुंदानं धुळ्याला नेऊन सोडलं. पुष्पा शिक्षिका झाली. तोताराम चौऱ्याण्णव साली गेला. कुंदा अमळनेरलाच आहे, गल्लीतल्या पोरांचा अभ्यास घेते. शेवंताबाई अजून कानबाई बसवते. सोमवारी पहाटे दारातून बाजूला होऊन सगळ्यांना विचारते, "कोनी गाडी शे का रे? निंघा, पाटनी वाट पाहू नका."