बारशाची कळशी

आमचे हे, म्हणजे कृष्णात, सिनेमात होते. पडद्यावर कधी दिसले नाहीत, कारण पडद्यावर जे दिसायचं ते सगळं ह्यांनीच उभं केलेलं असायचं. कोल्हापुरात शूटिंग असलं की प्लायवूडचा राजवाडा काय, चावडी काय, तुरुंग काय! घरची पोपडे सुटलेली भिंत रंगवायला मात्र सवड नाही. वर्षानुवर्षं दुसऱ्याच्या हाताखाली राबले, पण नाव कधी लागलं नाही. सासूबाई प्रत्येक सिनेमा बघून यायच्या आणि विचारायच्या, "तुझं नाव कुठं हाय रं? मी डोळं फाडून बघितलं की!"

शहाण्णव साली निर्माते आकारामशेठ यांनी ह्यांना पहिल्यांदा कला दिग्दर्शक केलं. पडद्यावर एकट्याचं नाव लावतो, असा शब्द दिला. सासूबाईंनी लगेच जोतिबाला नवस बोलला आणि गल्लीभर दवंडी पिटली.

सिनेमा रडका होता. जगात कुणी नसलेली एक विधवा, तिची झोपडी आणि शेवटचं उरलेलं एक भांडं. त्यासाठी ह्यांनी घरची तांब्याची कळशी उचलली. ती ह्यांच्या बारशाला आजोळहून आलेली. भांडं द्यायचं तर नाव घालूनच द्यायचं, आणि त्यात ह्यांचे मामा हौशी. पंचगंगेच्या पलीकडून वाचता येतील एवढी ठसठशीत अक्षरं कोरून घेतलेली: 'चि. कृष्णात यास आजोळहून सप्रेम भेट.' विधवेच्या घरात हे नाव कसं चालेल? ह्यांनी तेल आणि काजळी चोळून कळशी काळीकुट्ट केली. नाव गडप झालं.

शूटिंगच्या दिवशी सासूबाई डबा घेऊन सेटवर आल्या. झोपडीच्या कोपऱ्यात कळशीची ती अवस्था बघून त्यांचं डोकंच फिरलं.

"लोकांत न्यायचं भांडं असं नेत्यात व्हय? माझ्या म्हायेरची अब्रू घालवतोय ह्यो!"

हे लाइटवाल्यांशी भांडण्यात गुंग होते. तेवढ्यात सासूबाईंनी जेवणाच्या पंगतीतून चिंच-मीठ पैदा केलं, कळशी लखलखीत घासली आणि होती तिथं ठेवून दिली.

शॉट झाला. नायिका अशी रडली की सगळे तिच्याकडेच बघत राहिले. कळशीकडे लक्ष गेलं तेव्हा नायिकेची गाडी मुंबईच्या रस्त्याला लागली होती; शॉट परत घेणार कसा?

"भिकेला लागलेल्या बाईच्या घरात असलं झगझगीत भांडं?" आकारामशेठ कडाडले. "कृष्णाताचं नाव काढा!" आणि नाव लागलं त्यांच्या भाच्याचं, गुंडूचं. ह्या गुंडूनं सेटवर भजी खाण्यापलीकडे काही केलं नव्हतं.

घरी ह्यांनी मला दम दिला, "आईला बोलायचं न्हाय." मला सासूबाईंचा असा संताप आला होता! पण त्या गल्लीतल्या बायकांना सिनेमाला यायची आवतणं देत फिरत होत्या, आणि त्यांचा तो आनंदी चेहरा बघून मला बोलवेना.

थिएटरात आमच्याच गल्लीच्या तीन रांगा होत्या. नावं सुरू झाली. कला दिग्दर्शक: गुंडू. ह्यांनी मान खाली घातली.

"तुझं नाव कुठं हाय रं?" सासूबाईंचा आवाज रडवेला झाला.

"येईल, आई. मागनं येईल." हे तरी दुसरं काय सांगणार?

शेवट आला. विधवेनं हंबरडा फोडला, "ह्या जगात माझं कुणी न्हाय!" तिच्या हातून कळशी निसटली, गडगडत थेट कॅमेऱ्यासमोर आली आणि थांबली. भिंतीएवढ्या पडद्यावर झळकलं: 'चि. कृष्णात.'

"आलं की रं!" सासूबाई खुर्चीवर उभ्या राहिल्या. "ह्यो माझा कृष्णात! खाली माझं म्हायेर बी आलंय!"

अख्खं थिएटर खो खो हसलं. शिट्ट्या वाजल्या. पडद्यावर विधवा रडत होती आणि खाली आमची गल्ली नाचत होती. आकारामशेठ दिवे लागायच्या आत पसार झाले. माझे तर हसता हसता डोळे भरून आले.

घरी येताना सासूबाई ऐटीत म्हणाल्या, "गुंडूचं बारकं नाव कोण वाचतंय? पर त्या दिवशी मी कळशी घासली नसती, तर तुझं दिसलं असतं व्हय?"

ह्यांनी माझ्याकडे बघितलं. मी पदर तोंडाला लावून हसू दाबलं.

"न्हाय, आई," हे म्हणाले. "तुझ्यामुळंच दिसलं."