शेवटची धवलारीण

नवरदेव हळदीच्या पाटावर बसला, रविनाने गाण्यासाठी पदर खोचला, आणि नवरदेवाचे काका कमळाकर भर मांडवात ओरडले, "ही पोर नको हो! फिल्ममधली आजी गाऊ दे. शेवटची धवलारीण म्हणून तर मुरबाडवरनं बोलावलीय."

भागीरथीबाईंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. हळदीपासून अक्षतांपर्यंत धवलारीण गाते, तेव्हा लग्न पुढे सरकतं. ती गाणी त्यांनी तीन वर्षं खपून रविनाला शिकवली होती. आज ती पहिल्यांदा पुढे गाणार होती. एवढ्या माणसांत तिला उठवलं असतं, तर पुढे कुणी दारात उभं केलं नसतं.

आणि त्यांना फिल्ममध्ये ‘शेवटची’ ठरवणारा प्रणित समोरच कॅमेरा लावून उभा होता. शहापूर-मुरबाडच्या वाड्यावाड्यांत फिरून, तिथल्या कलांवर छोट्या फिल्म बनवून नाव कमावलेला.

"प्रणित, इकडं ये," भागीरथीबाई म्हणाल्या. "माझ्या ओटीवर तू फिल्म काढलीस, तेव्हा ही पोर कुठं होती?"

"तिथंच होती, आजी."

"मंग दिसत का नाय?"

"मी तिला बाजूला बसायला सांगितलं होतं." प्रणितने आवाज खाली आणला. "शेवटची म्हटलं की लोक बघतात, आजी. बक्षीस मिळालं ना आपल्याला."

"आपल्याला? तारपावाला शेवटचा, सुईण शेवटची, आता मी! गावोगाव जित्या माणसांचं सुतक पाळत फिरतोस व्हय रे?"

बायका खुसखुसल्या. कमळाकर घाईला आले. "आजी, भांडण नंतर. हळद खोळंबलीय. गा बघू."

"गाते की."

धवळ्यात, म्हणजे या लग्नगाण्यांत, एक बाई पुढे गाते, दुसरी तिची ओळ झेलते. झेलणारीला आपणहून सुरुवात करता येत नाही. भागीरथीबाई उठल्या आणि रविनाच्या मागे, झेलणारीच्या जागेवर जाऊन बसल्या.

"मी झेलनार. आता हिनं उचललं तर हळद लागंल, नाय तर बसू द्या नवऱ्याला तसाच."

कमळाकर मागे सरले. रविनाने पहिली ओळ उचलली, भागीरथीबाईंनी झेलली. दुसरीला तिचा आवाज मध्येच तुटला. सगळा मांडव भागीरथीबाईंकडे बघू लागला. ओळ त्यांच्या ओठांवर होती; त्यांनी ओठ घट्ट मिटून घेतले. पोर शिकताना चुकली, तर त्या अशाच थांबत.

रविनाने ओळ पहिल्यापासून उचलली. या वेळी ती शेवटपर्यंत गेली. नवरदेवाच्या आईने हळदीत बोटं बुडवली.

प्रणितचा कॅमेरा जवळ सरकला होता, पण अजून भागीरथीबाईंच्या सुरकुत्यांवरच होता. ओळ झेलता झेलता त्यांनी हात लांब केला, कॅमेऱ्याचं तोंड धरलं आणि कचकन रविनाकडे फिरवलं.