नुन्सियोची नोकरी गेली तेव्हा

मी एक म्हातारी गाढवी आहे, मित्रांनो, आणि नगरपालिकेच्या नोकरीत आहे. हसू नका. सिसिलीतल्या आमच्या डोंगरी गावात गल्ल्या म्हणजे नुसत्या पायऱ्या. तिथे कचऱ्याची गाडी चढत नाही, मी चढते.

माझ्या जोडीला नुन्सियो, तोही पालिकेचाच. शिंगरू होते तेव्हा पायऱ्या चढायला मला त्यानेच शिकवलं, एकदाही काठी न उगारता. पिशव्या उचलायच्या त्याने, वाहायच्या मी. उन्हाळ्यात पाहुणे यायचे, माझे फोटो काढायचे आणि त्याला म्हणायचे, "जरा बाजूला होता का?" तो बिचारा बाजूला व्हायचा.

एका सकाळी त्याच्या बायकोचं, वेनेराचं, अर्धं अंग लुळं पडलं. तिला घेऊन तो कातानियाच्या इस्पितळात धावला. जाताना शेजारच्या पाववाल्या पेपिनाला एवढंच म्हणाला, "मावशी, गाढवीकडे बघा." वेनेरा दुसऱ्या कुणाच्या हातून घास घेईना, म्हणून दोन दिवसांचे कितीतरी आठवडे झाले. गल्लीत हे सगळ्यांना कळलं होतं; ऑफिसात कळवायचं मात्र त्याच्या डोक्यातच आलं नाही.

अडला हरी गाढवाचे पाय धरी म्हणतात; इथे अख्ख्या गल्लीने धरले. पेपिना सकाळी मला सोडायची. वाट मला पाठ होती. मी दारोदार थांबायचे, लोक आपापल्या पिशव्या माझ्या पाठीवर चढवायचे. कचरा वेळेवर खाली जायचा.

मग हजेरीचा कारकून आला. "नुन्सियो कुठाय?"

"आत्ता तर इथं होता," न्हावी म्हणाला.

"कोण नुन्सियो?" पेपिनाने विचारलं.

"मावशी, तुमच्या भिंतीला भिंत लागून राहतो तो."

"असेल बाबा. मी पावाकडे बघते, भिंतीकडे नाही."

सरकारी माणसाने काही विचारलं की आमच्याकडे तोंडाला कुलूप. लोकांना वाटलं, आपण त्याला वाचवतोय. कारकुनाला वाटलं, नुन्सियो काम सोडून पळाला. बडतर्फीचा कागद त्याच्या बंद दाराला चिकटवून ऑफिसातली मंडळी मोकळी झाली.

वेनेराला घेऊन तो परतला तेव्हा नोकरी गेली होती. तिची औषधं, घरभाडं, सगळं त्याच नोकरीवर चालायचं. तो माझ्या गोठ्यात बसून रडला. मी त्याच्या खांद्यावर मान ठेवली. आणखी काय करणार? मला फार वाईट वाटलं.

तो कोर्टात गेला. चार पायांच्या गाढवांना तिथे आत घेत नाहीत, म्हणून पेपिनाने परत येऊन सांगितलं तेच सांगते. पालिकेचा वकील म्हणाला, "शेजाऱ्यांनासुद्धा त्याचा पत्ता नव्हता." न्यायाधीशबाईंनी पेपिनाला विचारलं. ती सवयीने म्हणाली, "मला काही माहीत नाही, बाईसाहेब." मग तिला समोर बसलेल्या नुन्सियोचा चेहरा दिसला.

"सगळं माहीत होतं," ती म्हणाली. "तो तिकडे बायकोला भरवत होता. आम्हीच गप्प बसलो नि त्याच्या पोटावर पाय आणला."

न्यायाधीशबाई वकिलाकडे वळल्या. "अख्ख्या गल्लीला विचारलंत. त्याला विचारलंत का?"

"दाराला कागद लावला होता."

"म्हणजे दाराला विचारलंत."

न कळवता गैरहजर राहिला ही त्याची चूकच, तेवढ्या दिवसांचा पगार कापा, असं त्या म्हणाल्या. पण माणसाचं ऐकून न घेता त्याची रोजीरोटी काढून घेता येत नाही. बडतर्फी रद्द झाली.

आता आम्ही दोघंही पायऱ्या सावकाश चढतो. वेनेरा खिडकीत बसून आमची चाल बघते आणि चिडवते. पेपिनाला हल्ली कुणीही काही विचारलं की ती सगळं सांगते, नको तेही.

मित्रांनो, रोज येणारा माणूस एखाद्या दिवशी आला नाही, तर त्याचं नाव खोडण्याआधी त्याला गाठा. विचारा, "बाबा रे, काय झालं?" त्या आठवड्यांत मी रोज सकाळी नुन्सियोच्या बंद दाराशी थांबून राहायचे. मला विचारता येत नव्हतं. तुम्हाला येतं.