पालथी चिठ्ठी

चित्रकारानं खुर्ची ओढली आणि तो तिच्या टेबलाशी येऊन बसला.

"बोला मॅडम, काय अडलंय?"

"माझं? कुठं काय?"

त्यानं नुसती कपाटाकडे मान वळवली.

तिघांचीच जाहिरात एजन्सी. कामांवर लक्ष ठेवायला ताईनं, म्हणजे तिच्या नणंदेनं, मध्यंतरी एक भारी ॲप घेतलं होतं. त्यात माहिती भरता भरता कामंच मागे पडायला लागली, तेव्हा "रोग परवडला, पण औषध नको," म्हणत ताईनंच ते बंद केलं. आता लोखंडी कपाटाच्या दारावर, चुंबकाखाली, प्रत्येकाची एकच चिठ्ठी. हातातल्या कामाची. अडलं की ती पालथी करायची; ज्याचा हात मोकळा असेल त्यानं मदतीला जायचं. इतके दिवस का बोलला नाहीस, हे मात्र विचारायचं नाही.

ताईची चिठ्ठीसुद्धा अधूनमधून पालथी होई. तिची स्वतःची कधीच नाही. बाळंतपणानंतर परतल्यापासून तर नाहीच. हिला आता झेपत नाही, असं कुणी म्हणायला नको. दवाखान्याच्या माहितीपत्रकाचा मजकूर मात्र हलायला तयार नव्हता. आज ताईला सांगून काम सोडायचं, हे तिनं सकाळी लेकीला भरवतानाच ठरवून टाकलं होतं.

आणि आता सगळ्यात खालची, तिची चिठ्ठी पालथी होती. कोऱ्या पाठीवर बिस्किटाचा ओला ठसा. खाली लेक फतकल मारून बसलेली, उरलेला तुकडा कपाटाच्या दाराला भरवत होती.

ती चटकन उठली. "अरे, हे तर हिचे उद्योग—"

ताई तिच्याआधीच कपाटाशी पोचली होती. तिनं ठसा पाहिला, भाचीची बोटं पाहिली.

"लबाडे! आत्याच्या ऑफिसात कामाला लागलीस होय?"

चिठ्ठी सरळ करायला तिनं हात नेला. मग तो तसाच ठेवून ती भावजयीकडे वळली.

"करू ना गं सरळ?"

लेकीनं दारावर थाप मारली. सगळ्या चिठ्ठ्या थरथरल्या.

"राहू दे, ताई."

ताईनं काही विचारलं नाही. पोरीला उचलून कडेवर घेतलं आणि पदर असता तर पुसलं असतं, तसं तिचं तोंड स्वतःच्या बाहीनं पुसलं.

चित्रकारानं खुर्ची आणखी जवळ सरकवली. "कुठपासून बघू?"

तिनं स्क्रीन त्याच्याकडे वळवला.

"पहिल्या ओळीपासून."