उजवीकडचा खिसा

मशीन चोरीला गेलंय हे मला मंगळवारी कळलं, तेही मेहुणी पडदे शिवायला आली म्हणून. आतल्या खोलीतून तिची हाक आली, "भाऊजी, मशीन कुठे हलवलंत?"

मी कुठेच हलवलं नव्हतं. बायको जाऊन सात महिने झाले होते आणि त्या खोलीत मी पाऊल टाकलं नव्हतं. मशीनवर माझा शर्ट होता. एक बाही आणि कॉलर लावायची राहिली होती. तो तिनं ठेवला तसाच राहावा, एवढंच माझं म्हणणं होतं. आता मशीन नव्हतं आणि शर्टही नव्हता. खिडकीची कडी मोडलेली होती. ती बदला म्हणून बायको दोन वर्षं मागे लागली होती. मी नळदुरुस्ती करतो, लोकांच्या घरच्या कड्याही बसवून देतो.

"दिव्याखाली अंधार," मेहुणी म्हणाली आणि मला तक्रार द्यायला घेऊन गेली.

नवव्या दिवशी सकाळी दार वाजलं. दारात पन्नाशीचा माणूस, गळ्यात टेप, हातात घडी केलेला शर्ट.

"काका, जरा घालून बघा. कॉलर अंदाजानं लावलीय."

शिंपी घालून बघा म्हणाला की माणूस घालतो. मी घातला. त्यानं मागून खांदा ओढून पाहिला आणि म्हणाला, "हात वर करा." मी केला. तेवढ्यात मेहुणी बाहेर आली.

"अहो भाऊजी, हा ताईनं आणलेला कपडा! चोर आहे तो! ए, पळायचं नाही!"

"पळतो कुठे, बाई? टाचणी तर लावू द्या."

मग त्यानं सगळं सांगितलं. त्याचं मशीन घरमालकानं भाड्यापोटी अडकवून ठेवलं होतं, म्हणून त्यानं माझं उचललं. जिन्यावर ते हातातून निसटलं, फुटलं, भंगारात गेलं.

"शर्ट मात्र फेकवेना. एका बाहीचा शर्ट घरात असताना शिंप्याला झोप लागते का? हातानं शिवला."

शिवण खरंच सुरेख होती. मी सवयीनं पेन्सिल खिशात ठेवायला गेलो, तर खिसा नाही. तो डावीकडे होता.

"खिसा कुणी हलवला?"

"चुकून उजवीकडे लागला होता. मी नीट केला."

तोवर मला राग आला नव्हता, तो तेव्हा आला. "चुकून नाही! मी डावखुरा आहे. पंचवीस वर्षं ती उजवीकडेच लावत होती."

त्याचा चेहरा उतरला. गळ्यातली टेप काढून त्यानं खिशात ठेवली. "बोलवा पोलिसांना," तोच म्हणाला.

कोर्टात त्यानं गुन्हा कबूल केला. पहिलाच गुन्हा, म्हणून तुरुंगाऐवजी परिविक्षा मिळाली. म्हणजे वर्षभर नीट वागायचं, कामधंदा करायचा आणि परिविक्षा अधिकाऱ्याकडे हजेरी द्यायची. त्या अधिकारी बाई माझ्याकडेही आल्या, नुकसानभरपाईचा अर्ज घेऊन. गेलेल्या वस्तूंच्या रकान्यात मी लिहिलं: शिलाई मशीन एक, खिसा एक.

बाई हसल्या. "काका, खिसा भरपाईत बसत नाही हो."

"मग कशात बसतो?"

त्यांनी पेनाचं टोपण लावलं, काढलं. "तुमची हरकत नसेल तर रविवारी त्याला इथे पाठवते. तुमचं तुम्ही ठरवा."

"वा! चोराच्या हाती किल्ली," मेहुणी म्हणाली. पण पहिल्या रविवारी तीच सर्वांत आधी हजर झाली.

भरपाईतून एक जुनं मशीन घेतलं आणि त्याच खोलीत ठेवलं. त्याआधी खिडकीची कडी बदलली. शिंप्यानं शर्ट उजेडात धरून दाखवला. उजव्या बाजूला तिच्या सुईची बारीक भोकं अजून दिसत होती.

"याच भोकांतून परत लावतो, काका."

"तू नाही. मी लावणार."

"तुम्हाला शिवता येतं?"

"शिकव."

तेव्हापासून तो दर रविवारी येतो, गिऱ्हाइकांचे कपडे शिवतो आणि मध्ये मध्ये माझ्यावर ओरडतो. "काका, नळ नाही तो, आवळू नका! कापड आपोआप जातं, ढकलू नका!" सरावासाठी मेहुणीचे पडदे मी शिवले. खालची शिवण वेडीवाकडी गेली आहे. मेहुणी आल्यागेल्याला पडदा उचलून दाखवते. "आमच्या भाऊजींची कारागिरी," म्हणते. त्या खोलीत आता एवढा दंगा असतो की शेजारी विचारतात, काय चाललंय.

गेल्या महिन्यात बाई पाहणीला आल्या आणि वहीत 'प्रगती समाधानकारक' असं लिहून गेल्या. कुणाची, ते मी विचारलं नाही.

त्याचं वर्ष संपायला पाच महिने आहेत. शर्ट मशीनशेजारी ठेवला आहे. धुतला नाही, कारण धुतला की भोकं बुजतात, असं तो म्हणतो. खिसा त्यानं उसवून दिला आहे. तो अजून लावायचा राहिला आहे.